बिस्किटांच्या डब्यातली चार मिनिटं

या समारंभाचे अध्यक्ष आणि आपल्या गावाचे नगराध्यक्ष माननीय हेन्निंग टॉफ्ट; त्यांच्या शेजारी बसलेल्या, पहाटेची गाडी पकडून कोपनहेगनच्या चित्रपट संस्थेतून आलेल्या पाहुण्या; मच्छीमार संघाचे, वाचनालयाचे आणि चर्चच्या मंडळाचे पदाधिकारी; जिच्यासाठी आज आपण जमलो ती रिगमोर थ्यूगेसन; आणि या जुन्या बर्फघरात दाटीवाटीने बसलेल्या माझ्या स्टेनव्हिगकर मंडळींनो,

ग्लासवर सुरी तीनदा वाजवली तेव्हा कुठे मागच्या टेबलांवरची कुजबुज थांबली. आभारी आहे. वक्त्यांच्या यादीत माझा नंबर सहावा आहे, म्हणजे बेकरीवाल्या व्हिगोने रचलेल्या चौदा कडव्यांच्या गाण्यानंतर आणि केकच्या आधी. ती चौदा कडवी तुम्ही एकही न गाळता म्हटलीत, तेव्हा माझी पंधरा-वीस मिनिटं तुम्हाला जड जाऊ नयेत. केक कुठे पळून जात नाही. तो कापायची सुरी माझ्याच हातात आहे.

माझं नाव माग्दा क्रोग. गावकऱ्यांना हे सांगायची गरज नाही, पाहुण्यांसाठी सांगते. आता बंदराच्या कडेला जिथे सुट्टीवाल्यांची पांढरी घरं आहेत, तिथे पूर्वी मासे कापायचा कारखाना होता. त्यात मी एकवीस वर्षं सुरी चालवली. त्यातली नऊ वर्षं मी तिथल्या बेचाळीस बायकांची कामगार प्रतिनिधी होते. भाषणाची सवय तेव्हाची. मात्र तेव्हा समोर मॅनेजर असायचा, त्यामुळे माझ्या भाषेत आजच्याइतकी सभ्यता नसायची.

अध्यक्षांनी मघाशी रिगमोरचं कर्तृत्व कागदावरून वाचून दाखवलं. एकोणीस चित्रपट, एक भिंत, दोन पदकं. सगळं खरं आहे. पण कागदावर एक गोष्ट नव्हती. ती आमच्या कारखान्यात आली ती हातात कॅमेरा घेऊन आलीच नाही. ती आली सुरी घेऊन, आणि सुरीही कारखान्याची.

साल एकोणीसशे शहात्तर, नोव्हेंबर. चौतिशीही न गाठलेली, कोपनहेगनच्या एका ट्राम चालवणाऱ्याची मुलगी. कला शाळेत शिकलेली. तिची चित्रं चांगल्या दालनांत लागत होती, आणि एका संध्याकाळी असल्याच एका दालनात उभं असताना तिच्या मनात आलं की इथे वाइन पिणाऱ्यांपैकी एकानेही आयुष्यात मासा साफ केलेला नाही. दुसरा कोणी असता तर या विचारावर एक चित्र काढून मोकळा झाला असता. ही बाई बस पकडून स्टेनव्हिगला आली आणि आमच्या फोरमनला म्हणाली, "कामाला ठेवता का?"

पहिल्याच दिवशी तिने बोट कापून घेतलं. कार्ला व्हेस्टरगोर तिच्या शेजारच्या फळीवर होती. हीच आपली कार्ला, तिसऱ्या टेबलावर बसलेली. कार्लाने तिच्या बोटाला पट्टी गुंडाळली आणि सगळ्या हॉलला ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली, "जपून गं बाई! राजधानीचं रक्त आहे. माशाला लागलं तर मासा आमच्याशी बोलायचा बंद होईल."

सगळ्या हसल्या. रिगमोरही हसली, आणि त्या दिवसापासून ती आमची झाली.

सहा आठवडे ती आमच्याबरोबर उभी राहिली. तिच्या खोलीत कॅमेरा आहे हे आम्हाला कळलं होतं, आणि आम्हाला धीर निघेना. डब्याच्या सुट्टीत कार्लाने विचारलंच, "काय गं, ते यंत्र कधी आणणार? मी दोनदा केस सेट करून आले, फुकट गेले."

"अजून तुमच्या मुलांची नावं पाठ व्हायचीत माझी," रिगमोर म्हणाली.

अशी तिची पद्धत. तिच्या पद्धतीतली आणखी एक गोष्ट आज सांगायलाच हवी, कारण माझं सगळं भाषण तिच्यावर उभं आहे. फिल्म तयार झाली की ती जगाला दाखवायच्या आधी ती त्यातल्या माणसांना दाखवायची. आधी एकेकाला एकटं, तिच्या स्वयंपाकघरात. पडदे ओढायचे, पांढऱ्या भिंतीवर फिल्म लावायची, टेबलावर कॉफीची किटली, आणि किटलीच्या शेजारी शिंप्याची मोठी कात्री. ज्याला स्वतःबद्दलचं काही नको असेल त्याने कात्री उचलायची. कारण सांगायचं नाही. ती विचारायची नाही. कापलेला तुकडा ती त्या माणसाच्या हातात ठेवायची आणि कोणी काय कापलं हे तिसऱ्या माणसाला कधीच सांगायची नाही. हा नियम तिने एकोणीस चित्रपटांत एकदाही मोडला नाही. पाहुण्यांच्या संस्थेतल्या लोकांना हा वेडेपणा वाटायचा, असं ऐकलंय. वाटू दे. तुमच्या आयुष्यावर कोणी कॅमेरा रोखला तर तुम्हालाही ती कात्री हवीशी वाटेल की नाही?

तर एकोणीसशे सत्त्याहत्तरचा मार्च. आमचा संप तीन आठवडे चालला. शेवटी मॅनेजर म्हणाला, पगार वाढवतो, पण अकरा बायका कमी कराव्या लागतील. तसं झालं नाही तर कारखाना बंद. बेचाळीसपैकी एकतीस राहिल्या, अकरा गेल्या. त्या अकरांत कार्ला होती. त्रेपन्नाव्या वर्षी तिला काढलं. पुढची चौदा वर्षं तिने शाळेच्या फरश्या पुसल्या.

आता ज्यांनी रिगमोरची ती पहिली फिल्म पाहिली आहे, आणि या गावात ती न पाहिलेला माणूस सापडणं अवघड आहे, त्यांना आठवत असेल की शेवटाकडे पडदा अचानक काळा होतो. चांगले दहा सेकंद काळा. आवाज नाही, काही नाही. मग एकदम कारखान्याचं फाटक आणि बाहेर पडणाऱ्या अकरा जणी. कोपनहेगनच्या एका समीक्षकाने त्या काळ्या पडद्यावर अडीच पानं लिहिली होती. शोषितांचं मौन, असं काहीतरी त्याने म्हटलं होतं. आम्ही ते पान कॅन्टीनच्या भिंतीला चिकटवलं होतं. मला ते वाचवत नसे.

गावाने मात्र त्या काळ्या पडद्याचा वेगळा अर्थ लावला. संपाच्या काळात रिगमोरने एक भाग, त्यातल्या बायकांना आधी एकेकटं दाखवून, कॅन्टीनमध्ये लावून दाखवला होता. त्या दिवशी दारात फोरमन उभा होता, हे सगळ्यांनी पाहिलेलं. त्या भागात ज्या बायका मॅनेजरच्या नावाने तावातावाने बोलल्या होत्या, त्यातल्या आठ जणी त्या अकरांत निघाल्या. मग दुसरा काय अर्थ निघणार? मॅनेजरने फिल्मवरून नावं काढली. राजधानीच्या बाईने आपल्याला बोलतं केलं आणि आपण बोललो म्हणून आपण गेलो.

फिल्म कॅन्टीनमध्ये सगळ्यांना मिळून दाखवली तेव्हा कामावरून गेलेल्या अकरा जणीही आल्या होत्या. काळा पडदा आला आणि गेला. फिल्म संपली. कार्ला उठली.

"अकरांतल्या आठ जणी तुझ्या कॅमेऱ्यासमोर बोलल्या होत्या," ती रिगमोरला म्हणाली. "आणि यादी झाली तो भाग यायला हवा, नेमकं तिथे काळं? काय लपवलंस तू?"

रिगमोर भिंतीला टेकून उभी होती. ती म्हणाली, "फिल्ममध्ये जे नाही, त्याबद्दल मी बोलत नाही."

तिने माझ्याकडे पाहिलंही नाही. मी कुठे होते? मी कॉफी ओतत होते. किटली घेऊन मी कार्लाजवळ गेले आणि विचारलं, "अर्धा कप की पूर्ण?"

माझं हे वाक्य गेली पस्तीस वर्षं माझ्याच कानात वाजतं आहे.

मंडळी, आपण या किनाऱ्यावरची माणसं कशी आहोत हे मी तुम्हाला सांगायला नको. आपण भांडत नाही, दगड मारत नाही. एखाद्याला सगळ्यात मोठी शाबासकी द्यायची असेल तर आपण "वाईट नाही" म्हणतो. आणि शिक्षा द्यायची असेल तर काहीच म्हणत नाही. रिगमोरला त्यानंतर कोणी एक वाकडा शब्द बोललं नाही. बेकरीत तिची पाळी आली की व्हिगोच्या आईला आत काहीतरी काम आठवायचं, एवढंच. आणि तिला पुन्हा कधी कोणी विचारलं नाही की त्या काळ्यात काय होतं. विचारायचं कसं? ते आपल्यात बसत नाही.

एकोणीसशे त्र्याऐंशीच्या सप्टेंबरात ती चाळीस वर्षांची झाली. आपल्या गल्लीत कोणाचा असा मोठा वाढदिवस असला की शेजारीपाजारी सकाळी आठ वाजता आपापल्या बागेतल्या काठीवर झेंडा चढवतात. कुत्र्याच्या वाढदिवसालाही चढवणारे आहेत, मी नाव घेत नाही. त्या सकाळी आमच्या गल्लीत एकच झेंडा वर गेला. तो रिगमोरने स्वतः स्वतःच्या बागेत चढवला.

मी समोरच राहते. मीही घडी केलेला झेंडा हातात घेऊन काठीपर्यंत गेले होते. दोरीला हात लावला होता. मग वाटलं, लोक विचारतील, माग्दानेच का? तेवढ्यात कुंपणापलीकडून रिगमोरने मला पाहिलं आणि हात हलवला. मी झेंडा काखेत मारून घरात आले. त्या दिवशी वाटली तितकी लाज मला तोपर्यंत कशाचीच वाटली नव्हती.

तुम्ही म्हणाल, निरोपाच्या समारंभात हे काय काढलं? जरा थांबा. बाईच्या कारकिर्दीबद्दलच बोलते आहे. गावातली माणसं कॅमेऱ्यासमोर येईनाशी झाली, म्हणून ती बंदराच्या टोकाला गेली, जहाजं रंगवणाऱ्या ग्रीनलँडच्या कामगारांकडे. त्यांच्याबरोबर तिने आधी तीन महिने रंगाचे डबे उचलले. मग वृद्धाश्रमात गेली, तिथे तिने आधी म्हाताऱ्यांची नखं कापली. समुद्रकिनाऱ्यावरच्या बंद हॉटेलात श्रीलंकेतून पळून आलेली तमिळ कुटुंबं ठेवली होती, तेव्हा तिने त्यांच्या मुलांना आपली भाषा शिकवली, आणि त्यातल्या एका मुलीच्या आईने तिला भात शिजवायला शिकवलं. तो तिला अजून नीट जमत नाही. मी खाल्लाय. आज पाचव्या टेबलावर त्या मुली आपल्या मुलांना घेऊन बसल्या आहेत, आणि गाण्यात सगळ्यात मोठा आवाज त्यांचाच होता. प्रत्येक फिल्मच्या आधी तेच स्वयंपाकघर, तीच किटली, तीच कात्री.

मासळीचा बर्फ साठवायचं हे बर्फघर पडायला आलं होतं, ते तिने मागून घेतलं आणि गावातल्या कोणालाही फिल्म बनवायला शिकता यावं म्हणून उघडलं. आणि बाहेरच्या त्या भिंतीवर आमच्या कारखान्यातल्या बायकांचे हात प्लास्टरमध्ये उमटवून लावले. चोवीस वर्षं होतील आता. सगळ्यांनी शेवटी हात दिले, काहींनी नाराजीने का होईना. कार्लाने दिला नाही. "एकदा तोंड दिलं, पुरे झालं," ती म्हणाली. म्हणून भिंतीवर एक्केचाळीस हात आहेत.

आणि कार्ला माझी मैत्रीण आहे. दर मंगळवारी तीन वाजता ती माझ्याकडे येते, आम्ही पत्ते खेळतो, ती थोडी लबाडी करते. पस्तीस वर्षांत ती माझ्या घरी किती कप कॉफी प्यायली असेल, देव जाणे. दर दोन-तीन आठवड्यांनी पत्ते पिसताना ती खिडकीतून समोरच्या घराकडे बघून म्हणायची, "तुझी ती रिगमोर बघ, कालही रात्रभर दिवा लावून बसली होती. झोप येत नसेल." आणि मी म्हणायचे, "हं." मंडळी, मी "हं" म्हणायचे.

परवाच्या पेपरात रिगमोरच्या निरोपाचा लेख आला. छान लिहिलाय. पण तिसऱ्या परिच्छेदात पुन्हा तेच: "अकरा कामगार महिलांच्या प्रकरणातील तिच्या भूमिकेबद्दल गावात आजही मतभेद आहेत." शनिवारी रिगमोर सामान घेऊन एरो बेटावर तिच्या बहिणीकडे राहायला जाते आहे, कायमची. ती हे वाक्य बरोबर घेऊन जाणार. मी तो पेपर घडी करून ठेवला, आणि मग वरच्या फळीवरून निळा डबा खाली काढला.

हा डबा. लोण्याच्या बिस्किटांचा. प्रत्येक घरात असतो, आणि त्यात कधीच बिस्किटं नसतात. तुमच्या डब्यात सुईदोरा असेल. माझ्या डब्यात चार मिनिटं आहेत. मघाशी तो इथे माझ्या पायाशी होता. आता तो मागे यंत्रावर बसलेल्या आपल्या वाचनालयाच्या टोर्बेनकडे आहे, आणि त्याच्या आतलं त्याने यंत्रावर चढवलंय. टोर्बेनला मी एवढंच सांगितलं आहे की खूण केली की लाव.

सत्त्याहत्तरच्या एप्रिलमध्ये, एका रविवारी सकाळी चर्चनंतर, मी रिगमोरच्या स्वयंपाकघरात एकटी बसले होते. पडदे ओढलेले होते. भिंतीवर मी होते. मॅनेजरच्या ऑफिसात, त्याच्या टेबलासमोर. रिगमोर त्या दिवशी कोपऱ्यात माशांच्या पेटीवर कॅमेरा घेऊन बसली होती, आणि मॅनेजरने तिला बसू दिलं, कारण त्याला वाटलं आपण किती न्यायाने वागतो हे जगाला दिसेल. त्याने मुद्दाम टाय बांधला होता. आणि मी? मी तिला विसरूनच गेले. सहा आठवडे शेजारी मासे कापणारी बाई कोपऱ्यात बसलेली असली, तर ती आहे हे लक्षात राहत नाही.

मॅनेजरने बेचाळीस नावांचा कागद माझ्यासमोर सरकवला आणि म्हणाला, "अकरा तू सांग. नाही सांगितलीस तर सोमवारी फाटकाला कुलूप." मी पेन्सिल घेतली.

हो. यादी मी केली. फिल्मवरून कोणी काही काढलं नाही. पेन्सिल माझ्या हातात होती.

बसा, बसा सगळे. व्हिगो, तूही बस. अजून संपलेलं नाही.

दहा नावांबद्दल मी आजही तुमच्यापुढे उभी राहून उत्तर देईन. ज्यांच्या घरात दुसरा पगार होता, त्या मी निवडल्या. रात्रभर विचार केला होता. चुकले असेन, पण लबाडी केली नाही. आणि त्यातल्या आठ जणी धीट होत्या, कॅमेऱ्यासमोर बोलल्या होत्या, याचं कारण साधं आहे. घरात दुसरा पगार असला की बाईला धीटपणा परवडतो. हे त्या वेळी गावात एकालाही सुचलं नाही. मला सुचलं होतं. मी बोलले नाही.

अकरावं नाव. मॅनेजर म्हणाला, "कार्लाचं काय?" आणि मी, ते तुम्ही आता फिल्ममध्ये माझ्या तोंडून ऐकालच, म्हणाले, "तिच्या नवऱ्याची बोट आहे. निभेल तिचं." ती बोट दोन वर्षं धक्क्यावर सडत होती. तिच्या नवऱ्याच्या छातीत पाणी झालेलं मला ठाऊक होतं. त्याच्यासाठी सूप मीच नेऊन द्यायचे. पण त्या वसंतात कामगार प्रतिनिधीची निवडणूक होती, कार्ला माझ्याविरुद्ध उभी राहणार होती, आणि ती जिंकली असती. तिच्या नावापुढे मी खूण केली ती त्यासाठी. दुसरं काहीही कारण नव्हतं.

भिंतीवर ते मी पाहिलं. यंत्र थांबलं. रिगमोरने पडदे उघडले नाहीत. ती म्हणाली, "काही कापायचंय?"

मी कात्री उचलली.

"कुठून कुठपर्यंत?"

"मी ऑफिसात शिरते तिथून, बाहेर येते तिथपर्यंत."

"चार मिनिटं जातील," ती म्हणाली.

"जाऊ देत."

तिने कापली. तेव्हा आजच्यासारखं नव्हतं, जे कॅमेऱ्यातून निघायचं तेच, दुसरी प्रत नाही. तिने ती गुंडाळी आणि आवाजाची फीत माझ्या हातात ठेवली आणि म्हणाली, "हे तुझं. मी तिथे थोडी जागा काळी सोडते. कधी परत द्यावंसं वाटलं तर जागा आहे."

तिला ठाऊक होतं की त्या चार मिनिटांशिवाय दोष तिच्यावर येईल. मी विचारलं नाही आणि ती बोलली नाही. पण ती काही मूर्ख बाई नाही. मला कात्री देताना तिला ते कळलं होतं, आणि कॅन्टीनमध्ये कार्लाने विचारलं तेव्हाही. तोंडातून एक शब्द काढला असता तर ती सुटली असती. बेकरीत, गल्लीत, पेपरात, सगळीकडे. तो शब्द तिने पस्तीस वर्षं काढला नाही, आणि मी समोरच्या घरात राहून दर मंगळवारी पत्ते खेळले.

अध्यक्ष महोदय, तुम्ही घड्याळाकडे पाहताय. आवरतेच.

काल मी डबा टोर्बेनकडे नेला. झाकण उघडलं तर व्हिनेगरचा भपकारा आला. मला इतकी वर्षं वाटत होतं की तो वास शेजारच्या हेरिंगच्या बरणीचा आहे. टोर्बेन म्हणाला, जुनी फिल्म सडायला लागली की असाच वास येतो. एकदा चालेल बहुतेक, दुसऱ्यांदा चालेल असं मी सांगू शकत नाही, असंही म्हणाला. म्हणजे वेळेवर आणली म्हणायची. आणखी दोन वर्षांनी मला फक्त लोणचं मिळालं असतं.

मात्र ती लावायच्या आधी नियम पाळायला हवा. ज्याचं चित्र त्यात आहे त्याचा कात्रीवर हक्क. माझा मी सोडला. मॅनेजर केव्हाच वारला. पण रिगमोर, काल टोर्बेनने ती फिल्म भिंगाखाली धरली तेव्हा एक गोष्ट दिसली. ऑफिसच्या खिडकीच्या काचेत तू दिसतेस. पेटीवर बसलेली, कॅमेऱ्यामागे, बोटाला आणखी एक नवी पट्टी. म्हणजे तूही या फिल्ममध्ये आहेस. ही बघ, तुझ्या स्वयंपाकघरातली कात्री. सकाळी तू इथे खुर्च्या लावत होतीस तेव्हा मागच्या दाराने जाऊन आणली. तुझं दार तू पस्तीस वर्षांत कधी लावलं नाहीस. तुझ्या बशीशेजारी ठेवते. उचललीस तर मी डबा परत घेऊन घरी जाईन आणि कारण विचारणार नाही.

ती नाही म्हणून मान हलवते आहे.

रिगमोर, माझ्याकडे नको सरकवूस. माझं झालं म्हटलं ना. कुठे निघालीस? बसून... बरं. मागे बसलेल्यांसाठी सांगते. ती कात्री घेऊन तिसऱ्या टेबलाकडे गेली आहे. तिने ती कार्लासमोर ठेवली आहे. ती म्हणते आहे, चित्र नसलं तरी तुझं नाव त्यात आहे.

आता मी थोडं थांबते. तोपर्यंत ज्यांचे आभार मानायचे राहिले त्यांचे मानते, कारण नंतर मला जमेल असं वाटत नाही. गाण्याबद्दल व्हिगोचे. टेबलांवरच्या फुलांबद्दल चर्चच्या मंडळाचे. ज्या सात जणींनी सात तऱ्हेचे केक केले, त्यांचे. मला सहावा नंबर देणाऱ्यांचे, त्यांना आज पश्चात्ताप होत असेल. आणि रिगमोर, तुझे. तुझं काम वाईट नाही. आपल्याकडे याहून मोठं काही म्हणता येत नाही, हे कळायला तुला दोन वर्षं लागली होती, पण आता तुला कळतं.

बोलण्याच्या ओघात काही उणंअधिक झालं असेल तर सांभाळून घ्या, असं म्हणून खाली बसायची रीत आहे. आज जे बोलले त्यातला एकही शब्द मला मागे घ्यायचा नाही, तेव्हा त्याबद्दल क्षमा मागत नाही. इतकी वर्षं बोलले नाही, त्याबद्दल मागते. आधी रिगमोरची, सगळ्यांसमोर. कार्ला, तुझी मागायला मला तोंड नाही. तरी मागते. आणि त्या दहा जणींच्या घरच्यांची, जे आज इथे आहेत.

काय म्हणालीस, कार्ला? जरा मोठ्याने बोल, इथे ऐकू येत नाही.

ती म्हणते, तिला तिथून नीट दिसायचं नाही. तिला पुढे बसायचंय.

तिच्या चाकांच्या वॉकरला वाट करून द्या. कात्री टेबलावरच राहू दे, रिगमोर, तू तिचा हात धर. हो, तो हात. इथे, अगदी पुढे, माझी खुर्ची द्या तिला, रिगमोरच्या शेजारची. मी भिंतीपाशी उभी राहीन.

टोर्बेन, पडदे ओढ.